मोडीत काढण्याआधी झडप उघडून पाहा



दरवर्षी १४ जानेवारीला महाराष्ट्रातून बरीच मंडळी हरियाणातल्या पानिपतला जातात. शहरापासून आठेक किलोमीटरवर काला अंब आहे. सन १७६१ च्या त्या दिवशी मराठी फौज जिथे कापली गेली, त्या जागेची खूण म्हणून तिथे एक स्तंभ उभा आहे. रक्तात न्हालेल्या मातीने आंब्याचे झाड काळे पडले, अशी लोककथा सांगतात. त्या भागातले रोड मराठा बांधव तिथे शौर्य दिवस पाळतात. रेल्वेतले आणि पोस्टातले आपलेही अनेक सभासद रजा टाकून, पास काढून, तिथे माथा टेकून येतात.

हा लेख मात्र त्या लढाईवर नाही. काला अंब ज्या पानिपत जिल्ह्यात येते, तो जिल्हा राष्ट्रीय राजधानी क्षेत्रात, म्हणजे एनसीआरमध्ये मोडतो. त्या मुलखात मोटारगाडीला जन्मतारखेवरून शिक्षा देण्याचा कायदा झाला. डिझेलची गाडी दहा वर्षांची झाली की गुन्हेगार, पेट्रोलची पंधरा वर्षांची झाली की गुन्हेगार. तिचा धूर कसा आहे, इंजिन कसे आहे, ठेवली कशी आहे, हे कोणी विचारायचे नाही. आमचे म्हणणे असे की, यंत्राची लायकी तपासून ठरते, तारखेवरून ठरत नाही. हे म्हणणे नुसते भाषणात न ठेवता आम्ही एका लहानशा झडपेवरून सिद्ध करून दाखवू इच्छितो. त्या झडपेचे नाव ईजीआर.

कायदा कसा आला

आधी इतिहास थोडक्यात पाहू. राष्ट्रीय हरित लवादाने नोव्हेंबर २०१४ मध्ये पंधरा वर्षांवरच्या गाड्या दिल्लीच्या रस्त्यावर नकोत, असा आदेश दिला. एप्रिल २०१५ मध्ये दहा वर्षांवरच्या डिझेल गाड्यांना एनसीआरमध्ये मनाई केली. २९ ऑक्टोबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी उचलून धरली. पुढे १ जुलै २०२५ पासून दिल्लीत अशा गाड्यांना पंपावर तेलच द्यायचे नाही, असा फतवा निघाला. पंपांवर कॅमेरे बसले, पोलीस उभे राहिले. लोकांचा संताप एवढा झाला की चार दिवसांत सरकारला माघार घ्यावी लागली. १२ ऑगस्ट २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने केवळ वयाच्या कारणावरून मालकांवर सक्तीची कारवाई करू नका, असे सांगितले. १७ डिसेंबर २०२५ रोजी त्याच न्यायालयाने हे संरक्षण बीएस-४ आणि त्यापुढच्या गाड्यांपुरते ठेवले. बीएस-३ व त्याआधीच्या गाड्यांवर कारवाईला मोकळीक दिली.

दिल्लीचा कायदा दिल्लीला लखलाभ, आपल्याला काय त्याचे, असे कोणी म्हणेल. तसे नाही. तिकडे नऊ-दहा वर्षांची झालेली डिझेल गाडी ना-हरकत दाखला घेऊन दुसऱ्या राज्यात विकली जाते. आपल्याकडे जळगाव, नांदेड, सोलापूरकडे 'दिल्लीची गाडी' स्वस्तात मिळते म्हणून पॉइंट्समन, पोस्टमन, सॉर्टर सोसायटीचे कर्ज काढून ती घेतो. ती गाडी शहरातल्या गर्दीत, कमी वेगाने, थांबत थांबत चाललेली असते. अशाच गाडीच्या ईजीआरमध्ये काजळी साठते. म्हणजे तिकडचा कायदा आणि ही काजळी, दोन्ही शेवटी आपल्याच दारात येतात.

काला अंबच्या रस्त्यावरची गाडी

२०२४ च्या जानेवारीत आम्ही काही जण काला अंबला गेलो होतो. पानिपत जंक्शनला उतरल्यावर तिथला एक रेल्वे कर्मचारी साथी, जातीने रोड मराठा, आपली गाडी घेऊन न्यायला आला. गाडी २०१३ ची, डिझेलची. दहा वर्षे उलटून गेलेली, म्हणजे कायद्याच्या लेखी मेलेली. रस्त्यावरही तिचे हाल तसेच होते. उभी असताना इंजिन थरथरत होते, रेस दिली की मागे काळा लोट उठत होता, उड्डाणपुलाच्या चढावर दम लागत होता, आणि डॅशबोर्डवर इंजिनाचा पिवळा दिवा पेटलेला होता. तेलही जास्त खात असल्याचे साथीने सांगितले. शेजारीपाजारी, मेहुणे, सगळ्यांचा त्याला एकच सल्ला होता : भंगारात दे, नवी घे.

नवी घे! एका रेल्वे कामगाराला हे सांगणाऱ्याने त्याची पगारपत्रिका पाहिली आहे काय? त्या गाडीचे कर्ज त्याने सात वर्षे फेडले होते. फिटल्याला तीन वर्षे होतात न होतात तोच गाडी बेकायदा. म्हणजे कामगाराने कमवायचे, बँकेने व्याज घ्यायचे, कंपनीने दुसरी गाडी विकायची, आणि या सगळ्याला स्वच्छ हवा असे नाव द्यायचे.

परतताना त्याच गावातल्या एका मिस्त्रीने तीन तासांत ती गाडी ठीक केली. पार्ट नवा एकही घातला नाही, फक्त एक गॅस्केट बदलले. हे कसे झाले ते समजण्यासाठी आधी ती झडप काय करते ते पाहू.

ईजीआर म्हणजे काय

हवेत सुमारे ७८ टक्के नायट्रोजन आणि २१ टक्के ऑक्सिजन असतो. एरवी हे दोघे एकमेकांच्या वाटेला जात नाहीत. पण सिलिंडरमध्ये जळणाची आच फार वाढली की त्यांचा संयोग होऊन नायट्रोजनची ऑक्साइडे तयार होतात. हा वायू फुफ्फुसाला जाळतो, दम्याच्या माणसाला बेजार करतो, आणि उन्हात त्यापासून जमिनीलगतचा ओझोनही होतो.

ही आच कमी करायला इंजिनवाल्यांनी साधी युक्ती काढली. बाहेर जाणाऱ्या जळक्या वायूचा थोडा हिस्सा परत इंजिनात घ्यायचा. त्या वायूत जाळायला फारसा ऑक्सिजन उरलेला नसतो, त्यामुळे तो स्वतः जळत नाही, उलट उष्णता शोषतो. चुलीत फार जाळ झाला की आपण थोडी राख सारतो, तसाच हा प्रकार. किती वायू परत घ्यायचा आणि केव्हा घ्यायचा, हे ठरवणारा दरवाजा म्हणजे ईजीआर झडप. जुन्या गाड्यांत ती इंजिनाच्या व्हॅक्यूमवर चालते, पुढच्या गाड्यांत विजेच्या मोटरवर.

दोष असा की परत येणारा वायू काजळी घेऊन येतो. दुसरीकडून इंजिनाच्या पोटातली तेलाची वाफ ब्रीदरच्या नळीतून त्याच वाटेला लागते. तेल आणि काजळी मिळून डांबरासारखा चिकट थर बनतो. हा थर वाढत गेला की झडप अडकते. उघडी राहून अडकली तर गरज नसतानाही जळका वायू आत जात राहतो, ताज्या हवेची जागा खातो, डिझेल नीट जळत नाही आणि काळा धूर निघतो. बंद राहून अडकली तर धूर दिसत नाही, पण आच वाढते आणि न दिसणारा विषारी वायू वाढतो. पेट्रोल इंजिनात अशा वेळी टकटक आवाजही येतो.

आपल्यापैकी जुनी मंडळी लोको शेडमध्ये वाढली. वाफेच्या इंजिनाचा स्मोकबॉक्स साफ केला नाही, नळ्यांत ब्रश मारला नाही, तर इंजिन वाफ धरत नसे. म्हणून कोणी इंजिन भंगारात काढले काय? क्लीनर आत शिरत असे, काजळी काढत असे, आणि तेच इंजिन दुसऱ्या दिवशी गाडी ओढत असे. ईजीआरचे दुखणे याच जातीचे आहे.

दोष कसा ओळखावा

काळा धूर दिसला की ईजीआरच बिघडला, असे समजू नये. एअर फिल्टर चोंदलेला असू शकतो, टर्बोची नळी फाटलेली असू शकते, इंजेक्टर गळत असू शकतो, हवा मोजणारा सेन्सर मळलेला असू शकतो. चांगला मिस्त्री आधी स्वस्तातल्या गोष्टी तपासतो. पानिपतच्या त्या मिस्त्रीने पहिल्यांदा एअर फिल्टर काढून उजेडाला धरला आणि टर्बोच्या नळ्या हाताने चाचपल्या. मग स्कॅनर लावला.

स्कॅनरवर ईजीआरचे कोड पी-०४०० च्या घरात येतात. पी-०४०१ म्हणजे वायू कमी वाहतो आहे, पी-०४०२ म्हणजे जास्त वाहतो आहे, पी-०४०३ म्हणजे वायरिंगचा दोष, पी-०४०४ म्हणजे झडप सांगितलेल्या जागी जात नाही. कोड म्हणजे निकाल नव्हे, ती नुसती तक्रार आहे. तक्रार खरी की खोटी, हे चौकशी करूनच ठरते. आपल्या खात्यात आरोपपत्र आणि चौकशी यांत फरक असतो, तसेच.

चौकशी अशी करतात. विजेवर चालणारी झडप असेल तर स्कॅनरवरून तिला उघड, बंद हो, असा हुकूम द्यायचा आणि ती किती हलते ते आकड्यात पाहायचे. झडप उघडली की ताजी हवा कमी आत आली पाहिजे, म्हणजे हवा मोजणाऱ्या सेन्सरचा आकडा खाली आला पाहिजे. आकडा हलतच नसेल तर झडप किंवा तिची वाट तुंबली आहे. व्हॅक्यूमची झडप असेल तर हातपंपाने व्हॅक्यूम द्यायचा. काटा टिकला तर आतला पडदा शाबूत, काटा पडला तर पडदा फाटला. इंजिन चालू ठेवून व्हॅक्यूम दिल्यावर पेट्रोल इंजिन अडखळले, बंद पडू लागले, तर वाट मोकळी आहे. काहीच फरक पडला नाही तर वाट बंद आहे. रबरी नळ्यांना चिरा पडल्या आहेत काय तेही पाहावे, कारण पुष्कळदा चार बोटांची नळी बदलून काम भागते.

त्या साथीच्या गाडीत झडप बंद होण्याचा हुकूम मानत नव्हती. अर्धवट उघडी राहून चिकटली होती. थरथर, काळा धूर, चढाला दम, तेलाचा खप, सगळ्याचा उगम एकाच जागी सापडला.

साफ कशी करावी

हे काम कोणीही करावे असे आम्ही म्हणत नाही. पण काय चालले आहे हे मालकाला कळले पाहिजे, म्हणजे त्याची फसवणूक होत नाही. इंजिन पूर्ण गार झाल्यावर बॅटरीची ऋण तार सोडवतात. झडपेचा प्लग काढतात, बोल्ट सोडवून झडप बाहेर घेतात. कोणता बोल्ट कुठला हे लक्षात ठेवतात, कारण त्यांची लांबी वेगळी असू शकते. मग लाकडी किंवा प्लॅस्टिकच्या पट्टीने जाड थर खरवडतात. पोलादी स्क्रू ड्रायव्हर घालू नये, बसण्याची जागा चिरली की झडप पुन्हा कधी नीट बंद होत नाही. त्यानंतर कार्ब क्लीनरचा फवारा मारून जुन्या दातब्रशाने घासतात. काजळी फार घट्ट असेल तर धातूचा भाग काही वेळ क्लीनरमध्ये भिजू देतात. मोटर आणि विजेचा भाग मात्र भिजू द्यायचा नाही, भिजला तर साफसफाईतच झडप मरते.

झडप साफ झाली तरी काम अर्धेच झाले. समोरची वाट, म्हणजे मॅनिफोल्डचे तोंड, तेही खरवडावे लागते. सुटलेली काजळी आत पडू न देता बाहेर काढावी लागते. नंतर झडप बंद स्थितीत धरून वरून थोडे रॉकेल ओतून पाहावे. ठिबकले नाही तर बैठक ठीक आहे. नवे गॅस्केट घालून झडप बसवावी, स्कॅनरवरून कोड पुसावा, आणि गाडी हायवेवर वीसेक मिनिटे चालवून पुन्हा कोड येतो का ते पाहावे.

दोन इशारे देणे आम्ही कर्तव्य समजतो. डिझेल इंजिन चालू असताना त्याच्या हवेच्या नळीत क्लीनरचा फवारा मारू नये. इंजिन तो फवारा जळण म्हणून पिते आणि बेलगाम पळू लागते, किल्ली फिरवूनही थांबत नाही. दुसरे असे की ही काजळी निरुपद्रवी नाही. डिझेलचा धूर कर्करोग करतो, हे जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने जून २०१२ मध्ये जाहीर केले. म्हणून मिस्त्रीने हातमोजे घालावेत, तोंडाला फडके बांधावे, काम उघड्यावर करावे, जवळ विडी-सिगारेट पेटवू नये. गॅरेजमधला पोरगाही कामगारच आहे, त्याचे फुफ्फुस फुकटचे नाही.

साफसफाईने सगळेच बरे होते असेही नाही. पडदा फाटला असेल, मोटर जळली असेल, तर झडप बदलावीच लागते. ईजीआरचा कूलर गळत असेल आणि पाणी कमी होत असेल, तर तो वेगळा आजार आहे. पण आधी उघडून पाहायचे की आधी बदलायचे, हा प्रश्न आहे. उघडून पाहणाऱ्याला कौशल्य लागते. बदलणाऱ्याला फक्त गिऱ्हाइकाचे पाकीट लागते.

पत्रा ठोकणाऱ्यांपासून सावध

आता एका लबाडीबद्दल स्पष्ट लिहितो, कारण आपले काही साथीही तिला भुलतात. ईजीआर तुंबला की काही ठिकाणी सांगतात, साफ कशाला करता, पत्र्याचा तुकडा घालून कायमचा बंद करून टाकू. गाडीला पिकअप येतो, धूर कमी होतो, खर्च जवळजवळ नाही. मालक खूश.

धूर कमी होतो हे खरे. पण न दिसणारा वायू वाढतो. आणि आपली पीयूसी तपासणी कशी चालत आली आहे? डिझेल गाडीत ती फक्त धुराची दाटी मोजते. नायट्रोजनची ऑक्साइडे मोजतच नाही. म्हणजे पत्रा ठोकलेली गाडी पीयूसीला पहिल्या नंबराने पास होते, आणि रस्त्यावर विष सोडत फिरते. ज्याने झडप साफ केली तो आणि ज्याने पत्रा ठोकला तो, दोघांच्या हातात एकच दाखला. अशी तपासणी प्रामाणिक माणसाची थट्टा आहे.

गल्लीतला मिस्त्री पत्र्याने जे करतो तेच जगातल्या एका बलाढ्य कंपनीने संगणकाने केले. सप्टेंबर २०१५ मध्ये अमेरिकेत उघडकीला आले की फोक्सवॅगनच्या डिझेल गाड्यांत अशी प्रणाली होती की तपासणी चालू असल्याचे ओळखून ती प्रदूषण-नियंत्रण पूर्ण चालवायची आणि रस्त्यावर आले की ढिले सोडायची. जगभरातल्या सुमारे १ कोटी १० लाख गाड्यांचा हा मामला होता. आपल्याकडे हरित लवादाने मार्च २०१९ मध्ये कंपनीला ५०० कोटी रुपयांचा दंड सुनावला. कंपनी सर्वोच्च न्यायालयात गेली आणि सक्तीची वसुली थांबली. कंपनीला वकील मिळतो, तारीख मिळते, दिलासा मिळतो. पानिपतच्या रेल्वे कामगाराला मिळते ती क्रेन आणि पावती.

तरीही आम्ही साथींना सांगू की पत्रा ठोकू नका. तो वायू कोणाच्या छातीत जातो? फाटकावर गाड्या इंजिन चालू ठेवून उभ्या राहतात, तिथे आपला गेटमन आठ-आठ तास असतो. भर रहदारीतून सायकलवर, स्कूटरवर टपालाची पिशवी घेऊन आपला पोस्टमन फिरतो. मेल मोटरचा ड्रायव्हर गर्दीत अडकतो. आपल्या गाडीचा पिकअप आपल्याच भावाच्या श्वासातून वसूल करणे, हा कामगाराचा धर्म नव्हे.

रेल्वे काय करते

तारखेवरून यंत्र मारणे हाच शास्त्रीय मार्ग असता, तर रेल्वे कधीच बंद पडली असती. आयसीएफ डब्याचे ठरीव आयुष्य २५ वर्षे धरले जाते. पण त्या २५ वर्षांत त्याची ठरल्या वेळी पीओएच होते. परळ, माटुंगा, लोअर परळच्या कारखान्यांत आपल्या पिढ्यान्‌पिढ्या त्याच कामावर झिजल्या. निम्मे आयुष्य झाले की डबा सोलून, गंजलेला पत्रा कापून, नव्याने उभा करायला भोपाळजवळ निशातपुऱ्याला खास कारखाना १९८९ मध्ये निघाला. डिझेल इंजिनाचे आयुष्य ३६ वर्षे धरतात, आणि मध्यावर, अठरा वर्षांच्या सुमारास, ती इंजिने पतियाळाच्या कारखान्यात पुन्हा बांधली गेली. पतियाळा काही पानिपतपासून फार दूर नाही. एकाच मुलखात सरकारच्या मालकीचे अठरा वर्षांचे डिझेल इंजिन दुरुस्तीला पात्र ठरते आणि कामगाराच्या मालकीची दहा वर्षांची डिझेल गाडी भंगाराला पात्र ठरते, हा कुठला न्याय?

खुद्द पानिपतचे पाहा. अनेक दशके जगभरचे टाकून दिलेले लोकरी कपडे या शहरात येत आहेत. ते फाडून, पिंजून, सूत काढून त्यांची ब्लँकेटे विणली जातात. गोरगरिबांच्या अंगावर हिवाळ्यात तीच ब्लँकेटे असतात. चिंधीतही काय उरले आहे हे पारखणारे हात ज्या गावात आहेत, त्या गावाला चालती गाडी कॅलेंडर पाहून फेकायला सांगणे, हा त्या हातांचा अपमान आहे.

पोस्टातल्या साथींना याची झळ वेगळ्या तऱ्हेने बसली. १ एप्रिल २०२३ पासून पंधरा वर्षांवरच्या सरकारी गाड्यांची नोंदणी संपुष्टात आणण्याचा नियम लागू झाला. खात्याची गाडी गेली की तिच्याबरोबर वर्कशॉपमधला फिटर, वेल्डर, पेंटर यांचे काम जाते, आणि त्या जागी कंत्राटी गाडी उभी राहते. गाडी मोडीत निघते ती एकटी निघत नाही. तिच्या दुरुस्तीचे कौशल्यही मोडीत निघते.

विरोधकांचे म्हणणे

दिल्लीची हवा खराब आहे, हे आम्ही नाकारत नाही. हिवाळ्यात तिकडे ड्युटी करणारे आपले गार्ड आणि लोको पायलट सांगतात, डोळे चुरचुरतात, सिग्नल दिसत नाही. जुनी बीएस-३ ची गाडी कितीही घासूनपुसून ठेवली तरी ती बीएस-६ इतकी स्वच्छ होणार नाही, हेही खरे. तेव्हा ज्या गाड्यांची बांधणीच जुनी आहे, त्या टप्प्याटप्प्याने जाव्यात, याला आमचा विरोध नाही. विरोध आहे तो न तपासता शिक्षा देण्याला, आणि शिक्षेचा सगळा भार कामगाराच्या खिशावर टाकण्याला.

देशाचे मोडीत काढण्याचे धोरण ऑगस्ट २०२१ मध्ये जाहीर झाले. त्यातसुद्धा खासगी गाडी तपासणीत नापास झाली तरच भंगारात काढण्याचे तत्त्व आहे. आपल्या महाराष्ट्रात पंधरा वर्षांनंतर तपासणी करून, हरित कर भरून, नोंदणी वाढवून मिळते. मग एनसीआरमध्येच वेगळे का? न्यायालयानेही डिसेंबर २०२५ मध्ये वयाऐवजी बांधणीकडे पाहून गाड्यांची विभागणी केली, ही एक पायरी पुढे पडली. त्या पायरीने पानिपतच्या आपल्या साथीची २०१३ ची गाडी वाचली, कारण ती बीएस-४ ची आहे. दुसरी पायरी अजून बाकी आहे : बांधणीबरोबर गाडीची प्रत्यक्ष अवस्था पाहण्याची. बीएस-४ ची गाडी पत्रा ठोकून विष सोडत असेल तर ती वाचू नये, आणि नीट राखलेली गाडी नुसत्या तारखेने मरू नये.

आमच्या मागण्या

पहिली मागणी, तपासणी खरी करा. पीयूसीमध्ये नायट्रोजनच्या ऑक्साइडांचे मोजमाप आणा आणि ईजीआर जागेवर आहे, चालतो आहे, हे स्कॅनरने तपासा. दुसरी, नापास गाडीला दुरुस्तीची मुदत द्या आणि दुरुस्तीनंतर फेरतपासणी फुकट करा. तिसरी, सुटे भाग, गॅस्केट आणि दुरुस्तीची माहिती कंपन्यांनी साध्या मिस्त्रीलाही वाजवी दरात द्यावी, फक्त आपल्या शोरूमसाठी दडवून ठेवू नये. चौथी, गॅरेज कामगारांना आयटीआयमार्फत या कामाचे शिक्षण आणि दाखला द्या. पाचवी, बांधणी जुनी म्हणून ज्याची गाडी काढून घ्याल, त्याला नव्या गाडीसाठी बिनव्याजी कर्ज द्या, किंवा त्याच्या वस्तीपर्यंत बस आणि लोकल पोहोचवा. सार्वजनिक वाहतूक नीट असती तर कामगाराने कर्ज काढून गाडी घेतलीच कशाला असती?

सभासदांनाही आमचे सांगणे आहे. तेल वेळेवर बदला. एअर फिल्टर साफ ठेवा. गाडी रोज बाजारापुरतीच चालत असेल तर आठवड्यातून एकदा हायवेवर वीसेक मिनिटे मोकळी चालवा, इंजिन नीट तापले की काजळी कमी धरते. जुनी गाडी विकत घेताना स्कॅनर लावून पाहा आणि ईजीआर पत्र्याने बंद केला आहे काय, हे आवर्जून विचारा. चेक लाइट पेटला तर त्यावर चिकटपट्टी लावू नका. भंगारवाल्याकडे जाण्याआधी एकदा चांगल्या मिस्त्रीकडे जा, आणि त्याने तीन तास राबून झडप साफ केली तर त्याच्या मजुरीत घासाघीस करू नका. आपण जसे आपल्या घामाचे दाम मागतो, तसा त्यालाही हक्क आहे.

आज गाडीला तारीख लावली आहे. रेल्वेत पंचावन्न वर्षे वय किंवा तीस वर्षे नोकरी झालेल्या कर्मचाऱ्याची छाननी करून त्याला मुदतीआधी घरी पाठवण्याचे नियम आहेत, हे आपल्याला ठाऊक आहे. माणूस असो की यंत्र, वय झाले म्हणजे निकामी झाले, ही समजूत एकदा रुजली की ती कुठे थांबेल, सांगता येत नाही. म्हणून ही समजूत गाडीच्या बाबतीतच अडवली पाहिजे. तपासा, साफ करा, दुरुस्त करा, आणि मगच काय तो निकाल द्या. एवढीच आमची मागणी आहे आणि ती आम्ही रेटून धरणार आहोत.

कामगार एकजुटीचा विजय असो!